घरची हळद

इंदूताईंनी पितळी वाटीवरचं फडकं काढलं आणि मला वासानंच कळलं, ही हळद आमची नव्हे.

सकाळचे दहा वाजले असतील. दारातल्या मांडवात मी पाटावर बसले होते. पाच सवाष्णी आंब्याची पानं घेऊन भोवती उभ्या होत्या. आमच्याकडं हळद आधी नवरदेवाला लावतात आणि उरलेली, उष्टी हळद, नवरीकडं येते. ती घेऊन नवऱ्याची थोरली बहीण, इंदूताई, नदीपलीकडच्या गावाहून जीपनं आल्या होत्या. लग्न त्याच दिवशी, गोरज मुहूर्तावर होतं.

तानूआत्यानं पान वाटीत बुडवलं.

"आत्या, थांब," मी म्हणाले. "ही हळद आपली न्हवं."

"आं?"

"घरची न्हाई ही. बाजारची हाय."

सगळ्या बायका हसल्या. "बघा की! पाटावर बसूनसुद्धा हिचं चालूच," आत्या म्हणाली. "अगं, आज तरी गप बस. हळदीला नावं ठेवायला ही काय पेठ हाय व्हय?"

मी हसले नाही. मी इंदूताईंकडं बघितलं. त्यांच्या हातातली वाटी थरथरत होती आणि त्या माझ्याकडं सोडून सगळीकडं बघत होत्या.

आता हे आधी सांगायला पाहिजे की मी कुणाची मुलगी. आमच्या पंचक्रोशीत हळद म्हटलं की अण्णा. स्वतःच्या रानात पिकवायची, दारात काहिलीखाली उसाचं पाचट जाळून शिजवायची, महिनाभर खळ्यावर वाळवायची. व्यापारीसुद्धा माल घ्यायच्या आधी चिमूटभर भुकटी अण्णांच्या तळहातावर ठेवत. अण्णा अंगठ्यानं ती रगडणार, हात उलटा करून झटकणार, मग नाकाशी नेणार. रेषांत बसून राहिली तर खरी. तेवढ्यावर पोती परत जायची. सख्ख्या मेहुण्याची हळद अण्णांनी चार माणसांत खोटी म्हणून सांगितली होती. मामा दोन वर्षं आमच्या दारात आला नाही, पण अण्णांनी शब्द फिरवला नाही. लहानपणापासून त्यांच्या मांडीला मांडी लावून मी हेच शिकले. आमच्या हळदीला पाचटाच्या धुराचा एक बारीक वास असायचा. तो मी झोपेतसुद्धा ओळखला असता.

साखरपुड्यात अण्णांनी स्वतःच्या हातानं हळदीचा पत्र्याचा डबा व्याह्यांच्या हातात दिला होता. सगळ्यांसमोर म्हणाले होते, "हळद ह्यातलीच लावायची. माझ्या पोरीच्या अंगाला बाजारची हळद लागायची न्हाई."

आणि आता वाटीत होतं ते भडक, पिवळंजर्द काहीतरी. वास म्हणाल तर खडूचा.

एकट्या हळदीचं असतं तर मीही म्हटलं असतं, जाऊ दे. पण महिनाभर मला काहीतरी खटकत होतं. नवरदेव, जयसिंग, मला बघायला आले तेव्हापासून.

चैत्र संपत आला होता. पत्र्याखाली बसलेला प्रत्येक माणूस घामानं निथळत होता आणि ह्या माणसानं मनगटापर्यंत बाह्यांची बटणं लावलेली. मी पाण्याचा तांब्या आणि पेला पुढं केला. पाण्याकडं त्यांनी असं बघितलं की मलाच कसंतरी झालं. मग पेला उचलला, ओठ ओले केले आणि भरला पेला तसाच खाली ठेवला. चहाही अर्धाच. चेहरा सुजल्यासारखा वाटत होता, डोळ्यांखाली जास्तच.

मोठ्यांनी आम्हाला बोलायला म्हणून परड्यात पाठवलं. तिथं हळद वाळत होती. ते वाळवणाभोवती एक फेरी मारून आले. मग एक हळकुंड उचलून म्हणाले, "खरी हळद कशी ओळखायची?"

मला बरं वाटलं. माझ्या घरचंच काहीतरी विचारलं म्हणून. मी सगळं सांगितलं, तळहातावर रगडून दाखवलं. आणि फाटक्या तोंडाचीच मी, वर आणखी म्हणाले, "लग्नात बाजारची हळद आणू नका हं. माझ्या अंगाला लागली तर अण्णा भर मांडवातनं उठवतील मला. लग्न मोडतील!"

मी चेष्टा करत होते. ते हसले नाहीत. "खरंच मोडतील?" म्हणाले.

"अण्णाच ते. हळदीत खोट चालायची न्हाई त्यांना."

"आणि तुम्हाला लगेच कळेल?"

"वासावरनं."

त्यांनी मान हलवली आणि हळकुंड होतं तिथं ठेवलं. एवढंच आमचं बोलणं. लग्नाआधी आम्ही बोललो ते हळदीवर, आणि काही नाही.

नंतर रुखवताचे सांडगे घालताना मी आईला म्हणाले, "आई, माझ्या मनाला पटंना."

"काय?"

"त्यांनी पाणी प्यालं न्हाई. एवढ्या उन्हात."

आईनं हातातलं पीठ तसंच ठेवून माझ्याकडं बघितलं. "पाणी प्यालं न्हाई म्हणून सोयरीक मोडू म्हणतीस?"

"आणि बाह्या. आणि तोंड सुजल्यागत दिसतंय. काहीतरी लपवत्यात ते."

"सगळ्या पोरींना असंच हुतंय, शालन. लगीन ठरलं की कशातबी खोट दिसती. मला तर तुझ्या अण्णांच्या मिशांचं भ्या वाटायचं." मग हळूच म्हणाली, "एकदा झालंय न्हवं का? पुन्यांदा तुझ्या अण्णांना सोसायचं न्हाई."

एकदा झालं होतं ते असं. दोन वर्षांपूर्वी माझी सुपारी फुटली होती, लग्न ठरलं होतं. पत्रिका वाटून झाल्यावर मुलाकडून निरोप आला की आम्हाला करायचं नाही. कारण सांगितलं नाही. त्यानंतर चार महिने अण्णा चावडीपुढच्या रस्त्यानं गेले नाहीत, मागच्या बोळानं घरी यायचे. मी सत्तावीस वर्षांची झाले होते. आई बोलली ते खरंच होतं, म्हणून मी गप्प बसले. पण मनाची समजूत काही पटली नाही. रोज सकाळी उठलं की तो पाण्याचा पेला डोळ्यांसमोर यायचा.

तर मांडवात. मी पाटावरून उठले नाही, पण हात मागं घेतले. "अण्णांना बोलवा. अण्णांनी आपली म्हणून सांगितलं तर लावा."

"अगं काय हे शालन?" आई घाबरली. "पावणी काय म्हणंल?"

"पावण्यांना काय म्हणायचं ते म्हणू दे. बोलवा अण्णांना."

खरं सांगते, मला त्या क्षणी हायसं वाटलं होतं. महिनाभर मी जे कुणाला पटवून देऊ शकले नव्हते ते आता वाटीतच येऊन पडलं होतं. मी काही शाबीत करायची गरज नव्हती. अण्णा बघतील, विचारतील, घरचा डबा कुठं गेला? मग त्या सुजलेल्या तोंडाचं, त्या बाह्यांचं, सगळं बाहेर येईल. येऊ दे म्हटलं.

अण्णा आले. नवा फेटा, कपाळावर घाम. इंदूताईंनी वाटी पुढं धरली. अण्णांनी चिमूट घेतली, तळहातावर ठेवली, अंगठ्यानं रगडली. ओली हळद, तिला झटकायचं कारण नव्हतं. त्यांनी हात नाकाशी नेला.

मी त्यांच्या तोंडाकडं बघत होते. खोट्या मालाचा वास आला की त्यांची डावी भुवई किंचित वर जायची. मी ती हजार वेळा बघितली होती. तशीच ती वर गेली.

अण्णांनी हात खाली घेतला. मांडवाकडं बघितलं. बायका, पाहुणे, पलीकडं जेवणाच्या पंगतींसाठी अंथरलेल्या पट्ट्या. मग माझ्याकडं बघितलं.

"आपलीच हाय," म्हणाले. "लावा."

आत्यानं लगेच पान माझ्या गालाला लावलं. बायकांनी गाणं सुरू केलं. माझा बाप हळदीच्या बाबतीत खोटं बोलला होता. हे डोक्यात शिरायलाच मला वेळ लागला, आणि तोवर माझे हात, पाय, तोंड सगळं पिवळं झालं होतं.

अंघोळीला नेलं तेव्हा इंदूताई न्हाणीच्या दारात उभ्या होत्या. मी आईला साडी आणायला पाठवलं आणि त्यांचं मनगट धरलं.

"घरचा डबा कुठं गेला, ताई?"

"सापडंना गं सकाळी. लई शोधला. मग आईनं दुकानातनं पुडं आणलं." त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं. "आम्हाला काय कळतंय हळदीतलं? हळद म्हणजे हळद."

"मग तुमचा हात का कापत होता?"

त्यांनी पदरानं डोळे पुसले. मग म्हणाल्या, "जयसिंग म्हणाला, वाटी तू स्वतः घेऊन जा आणि आधी तिच्यासमोर धर. ती काय बोलली ते मला येऊन सांग. एवढंच म्हणाला. मला दुसरं काय विचारू नगंस, तुझ्या पाया पडते."

आई साडी घेऊन आली. इंदूताई निघून गेल्या.

मी तशीच, ओल्या केसांनी, मागच्या दारानं परड्यात गेले. अण्णा नळावर होते. एकटेच. राखेनं तळहात घासत होते. जन्मात मी त्यांना हाताची हळद धुताना बघितलं नव्हतं. धोतराला पुसायचे ते.

"अण्णा," मी म्हणाले, "खरं सांगा. ती आपली हाय?"

त्यांनी मागं वळून बघितलं नाही. "सांगितलं न्हवं का मघाशी?"

"त्या घरात काहीतरी चुकतंय. मला भ्या वाटतंय, अण्णा. मला जायचं न्हाई."

नळ चालूच होता. अण्णा हात घासतच राहिले. मग म्हणाले, "बाळ, केस वाळव. सर्दी हुईल."

मला त्या वेळी ओरडता आलं असतं. घरादारात आठशे माणूस होतं. एक हाक मारली असती तर सगळं थांबलं असतं. एरवी माझी जीभ केवढी चालायची! पण नेमकी तेव्हा ती चालली नाही. माझ्या बापाला चार लोकांत खोटं पाडायचं मला जमलं नाही. मी केस वाळवले.

लग्न लागलं. अंतरपाट दूर झाला तेव्हा जयसिंग माझ्याकडं बघत होते, टक लावून, काहीतरी विचारत असल्यासारखे. मी मान खाली घातली.

पूजा झाल्यावर, लग्नाच्या तिसऱ्या दिवशी दुपारी घर जरा रिकामं झालं. ते माडीवर खिडकीशी बसले होते. मी गेले तशी त्यांनी डाव्या बाहीचं बटण काढलं आणि बाही कोपराच्या वर सरकवली. हातावर दोरासारखी फुगलेली शीर आणि सुयांचे डाग.

"हात लाव," म्हणाले. शिरेत काहीतरी भरभर वाहत असल्याचं बोटांना कळत होतं. मी हात काढून घेतला.

"दोन्ही मूत्रपिंडं गेलीत. आठवड्यातून दोनदा मिरजेला जाऊन रक्त धुऊन घ्यावं लागतं. वर्ष झालं. डॉक्टरनी आईला सांगितलंय, किती दिवस ते सांगता येत नाही."

मला तो भरला ठेवलेला पेला आठवला.

"पाणी मोजून प्यावं लागतं," ते म्हणाले. "तुमच्या घरी एवढी तहान लागली होती."

"मग सांगितलं का नाही?" माझा आवाज चिरकला. "तोंड नव्हतं का तुम्हाला?"

"दोन पत्रं लिहिली. आईनं टाकू दिली नाहीत. म्हणाली, लग्न झालं की जगायची उमेद येईल. समोर उभं राहून सांगायची हिंमत नव्हती माझ्यात. मग म्हटलं, तू म्हणाली होतीस ना, बाजारची हळद आली तर तुझे अण्णा लग्न मोडतील? डबा मीच लपवला. तो बघ, त्या फळीवर, गोधडीमागं. मला वाटलं, तुला कळेल. तुम्ही विचारायला माणूस पाठवाल. मग मी सगळं सांगणार होतो."

"म्हणजे सगळं माझ्यावर टाकलंत," मी म्हणाले. "स्वतः बोलायचं नाही. मी वास घ्यायचा, मी ओळखायचं, मीच मोडायचं!"

"हो," ते म्हणाले. "चुकलंच माझं." आणि मग, खाली बघत, "ताई म्हणाली, तू बाजारची म्हणालीस, पण तुझ्या अण्णांनी आपलीच म्हणून सांगितलं. त्यांना नाही कळली?"

"नाही कळली."

"आणि तुला?"

मी काय सांगणार होते? कळली होती म्हटलं की पुढचा प्रश्न होताच. मग का आलीस? त्याचं उत्तर माझा बाप होता, नळावर राखेनं हात घासणारा. ह्या माणसासमोर मला त्याची लाज काढायची नव्हती. तीन दिवसांची ओळख ह्यांची, आणि तो माझा बाप.

"मांडवात मी आपली चेष्टा करत होते," मी म्हणाले. "मलाही नाही कळली. आपलीच वाटली."

त्यांनी दोन्ही हातांनी तोंड झाकलं. "म्हणजे मी फसवलंच तुला," म्हणाले.

पावणेतीन वर्षं ते जगले. मंगळवारी आणि शुक्रवारी आम्ही सकाळच्या एसटीनं मिरजेला जायचो. मी पाणी पेल्यानं मोजून द्यायचे. माणूस वाईट नव्हता हो. माझ्यासाठी गजरा आणायचा, माझ्या बडबडीला हसायचा. पण कुणी नवं माणूस घरी आलं की हमखास म्हणायचा, "हिला फसवून आणलीय मी." शेवटच्या आठवड्यात तर दुसरं बोलतच नव्हते. माझा हात धरून, "शालन, मला माफ कर, तुला कळायला पाहिजे होतं." मला कळलं होतं, हे एक वाक्य मी बोलले असते तर त्यांचं अर्धं ओझं उतरलं असतं. रोज सकाळी ठरवायचे, आज सांगू. सांगितलं नाही. तिसऱ्या वर्षी, हळदीची काढणी चालू असताना ते गेले, तसेच माफी मागत. ह्याचं मला आजही वाईट वाटतं, बाकी कशाहीपेक्षा जास्त.

अण्णा मला न्यायला आले. जीपमध्ये माझं गाठोडं मांडीवर घेऊन बसले. त्या वर्षी व्यापारी नेहमीसारखे दारात आले, चिमूट पुढं केली. अण्णांनी हात पाठीमागं घेतला. "तुमचं तुम्हीच बघा," म्हणाले. त्यानंतर त्यांनी कुणाचीच हळद बघितली नाही. मग माणसं माझ्याकडं यायला लागली. मी बघायचे आणि खोटी असली तर खोटी म्हणायचे, पाहुणा असो की सोयरा.

अकरा वर्षांनी अण्णा अंथरुणाला खिळले. आई तोवर गेली होती. एका दुपारी मी त्यांना पेज भरवत होते. त्यांनी माझा हात थांबवला.

"शालन, एक विचारू? त्या दिवशी तुला कळलं हुतं न्हवं?"

कुठला दिवस, हे मी विचारलं नाही. वाटी खाली ठेवली.

"मला वाटलं, कमी पडली असंल. त्यांनी थोडी दुसरी मिसळली असंल. मी मनाला तसंच सांगितलं." त्यांचा श्वास लागला होता. "तू अजून एकदा म्हणली असतीस ना, तर मी मोडलं असतं. देवाशपथ मोडलं असतं."

अजून एकदा. मांडवात एकदा म्हटलं होतं. नळावर दुसऱ्यांदा. मला जायचं नाही म्हणून सांगितलं होतं, ओल्या केसांनी, त्यांच्या पाठीला. आणि त्या माडीवरचा माणूसही हेच म्हणाला होता, तुला कळेल, तुम्ही विचाराल असं वाटलं. दोघांनाही खरं माहीत होतं आणि दोघंही मी बोलायची वाट बघत होते.

अण्णांचे डोळे माझ्यावर होते. मी आता खरं सांगावं, रागवावं, मग रडावं, मग माफ करावं, असं त्यांना पाहिजे होतं. बापच तो, मला दिसत होतं ते. त्यांचा उजवा हात गोधडीवर उताणा पडला होता. मी तो उचलला आणि तळहात नाकाशी नेला, ते न्यायचे तसा. औषधाचा वास येत होता.

"आपलीच होती ती हळद, अण्णा," मी म्हणाले.

त्यांची डावी भुवई वर गेली. मग त्यांनी भिंतीकडं तोंड फिरवलं. मी वाटी उचलली, पण नंतर त्यांनी तोंड उघडलं नाही. माझं बोलणं त्यांना लागलं होतं, आणि लागावं म्हणूनच मी बोलले होते.